माझ्या डाव्या हाताची दीक्षा

आमच्या घरात दिवस उजाडायचा तो करडईच्या तेलाच्या वासानं. आई लोखंडी पळीत तेल घेऊन चुलीच्या वैलावर धरायची, त्यात ठेचलेल्या लसणाच्या पाकळ्या टाकायची, आणि त्या तडतडल्या की मला अंथरुणातच कळायचं, आता आपली पाळी आली. चहा, सडा, भाकरी सगळं नंतर, आधी मी. सतरंजीवर मला उताणी घालून ती पदर खोचून बसायची आणि खांद्यापासून बोटांपर्यंत, मांडीपासून टाचेपर्यंत अशी चोळायची की गल्लीतली एक बाई एकदा दारातूनच म्हणाली, "अगं, पोरगी हाय का कणीक हाय?" मी रडायचे, ओरडायचे, जमलं तर चावायचे. आई म्हणायची, "चाव. दात तरी बळकट झालेत बघ." आणि चोळणं चालूच.

जन्मले तेव्हा मला रडायला उशीर झाला म्हणे. त्याची भरपाई मी पुढं जन्मभर बोलून केली, असं अण्णा म्हणायचे. अण्णा म्हणजे माझे वडील. कळंबच्या मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या बाजारात, त्यांचं आडतीचं दुकान होतं. मूल बसत नाही, डावी मूठ उघडत नाही, पाय कात्रीसारखे एकमेकांत अडकतात, म्हणून ते दोघं मला बार्शीला घेऊन गेले. तिथल्या डॉक्टरांनी मला उलटीसुलटी करून पाहिलं आणि सांगितलं की जन्मताना मेंदूला हवा कमी पडलीय, याला सेरेब्रल पाल्सी म्हणतात, औषध नाही. चोळणं, ताणणं, बसवणं, चालवणं एवढंच हातात आहे आणि ते रोज करायचं. अण्णांनी एकच प्रश्न विचारला, "डोस्क्यानं कशी हाय?" डॉक्टर म्हणाले, ते तुम्हाला ती बोलायला लागली की कळेल. परतीच्या एसटीत आई खिडकीकडं तोंड करून रडत होती. येरमाळा आलं तसं तिनं डोळे पुसले आणि अण्णांना विचारलं, "रोज मंजे दिवसातून किती टायमाला?" ही गोष्ट अण्णांनी मला कितीदा तरी सांगितली, आणि दर वेळी आई आतून म्हणायची, "म्या कुठं रडले? काय बी सांगतेत."

बसणं ही माझी मोठी अडचण होती. जमिनीवर बसवलं की मी एका अंगाला कलंडायचे. उशा लावल्या तर उशांसकट कलंडायचे. एका सुगीत आई आजारी पडली म्हणून अण्णा मला दुकानात घेऊन गेले. ठेवायचं कुठं? समोर शाळू ज्वारीची ताजी रास पडली होती. अण्णांनी हातानं त्यात खळगा केला, मला कमरेपर्यंत आत बसवलं आणि भोवतीनं ज्वारी लोटली. आणि मी बसले! धान्याचं असं असतं की ते अंगाला धरून बसतं. इकडं कललं तर इकडून आधार, तिकडं कललं तर तिकडून. अण्णा हातातलं काम टाकून बघतच राहिले. त्या दिवसापासून माझी जागा राशीत ठरली. ज्वारी गार आणि गुळगुळीत असायची, हरभरा टोचायचा, तुरीनं अंगाला खाज सुटायची. मोंढ्यात कुठल्या मालाचा हंगाम चालू आहे हे मला बुडाखालून कळायचं. ज्वारीत हात खुपसला की माझी आवळलेली मूठ हळूहळू सैल पडायची, हाही शोध तिथलाच. शेतकरी हसून विचारायचे, "शेट, ह्यो माल कसा लावला?" अण्णा म्हणायचे, "ह्यो माल मोंढ्यात यकच आलाय. ह्याचा लिलाव न्हाय."

चालायलाही मी तिथंच शिकले. गोदामात पोत्यांच्या दोन थप्प्यांमध्ये एक अरुंद बोळ असायचा. दोन्ही हातांना पोती लागतील एवढाच. त्यात मला उभी केली की पडायला जागाच नसायची. अण्णा पलीकडच्या टोकाला गुळाचा खडा घेऊन उकिडवे बसायचे. मी पोत्यांना घासत, पाय ओढत, त्यांना शिव्या देत पुढं सरकायचे. गंमत पुढं झाली. त्या दोन थप्प्या हलवल्या तर माझा रस्ता मोडणार, म्हणून अण्णांनी तो माल विकलाच नाही. बाजारात बोलणं सुरू झालं की अण्णांना काहीतरी आतली बातमी लागली असणार, भाव चढणार, त्याशिवाय हा माणूस माल दाबून बसत नाही. मग त्यांचं बघून आणखी दोघाचौघांनी आपापला माल रोखला. अण्णा बिचारे शपथा घेऊन सांगत होते, "आरं, भावाचं काय न्हाय, पोरगी चालायलीय!" कुणाचा विश्वास बसेना. शेवटी मी बोळाच्या बाहेर दोन पावलं टाकली तेव्हा अण्णांनी माल काढला आणि मोंढ्यानं सुस्कारा सोडला.

माझ्या धाकट्या भावाची मुलगी आता पुण्यात फिजिओथेरपी शिकते. परवा फोनवर तिला हे सगळं सांगत होते, तर ती म्हणाली, "आत्या, याला आमच्याकडं केवढी मोठी मोठी नावं आहेत माहितीये?" असतील बाई. आमच्याकडं त्याला ज्वारी म्हणत. हे लिहितानाही मी मोबाईलवर उजव्या हाताचं एकच बोट चालवतेय, त्यामुळं वाचणाऱ्यानंही जरा दमानं वाचावं.

आईचं आणि अण्णांचं माझ्यावरून रोज वाजायचं. अण्णा मऊ. मी पडले की ते उचलायला धावायचे. आई जागची हलायची नाही. "ऱ्हाऊ द्या. उठंल." मी जमिनीवर पडल्या पडल्या दोघांकडं आळीपाळीनं बघत असायचे. अण्णा चिडायचे, "तू आई हाईस का फौजदार?" आई तव्यावरचं धपाटं उलटत म्हणायची, "दोन्ही हाय. तुमाला दोन्हीतलं यक बी जमंना." मग अण्णा न जेवता चपला घालून निघायचे आणि गल्लीच्या टोकावरून परत यायचे, कारण धपाट्याबरोबर शेंगाची चटणी नुकतीच कुटलेली असायची आणि तिचा वास टोकापर्यंत जायचा. तोवर मी भिंत धरून उठलेली असायचे.

पण एका दुपारी आई सूप पुढ्यात घेऊन डाळ पाखडत होती आणि अण्णा खांबाला टेकून बसले होते, तेव्हा मी झोपलेय असं समजून ती म्हणाली, "आपल्या माघारी हिचं कसं वो?" डाळ पाखडण्याचा आवाज तेवढा येत राहिला. आज ते दोघंही नाहीत. त्याच घरात मी राहते, गल्लीतल्या मुलांच्या मराठीच्या शिकवण्या घेते, माझ्या हाताखालून गेलेली पोरं आता मास्तर झालीत. आई-अण्णांच्या माघारी माझं बरं चाललंय. हे त्यांना एकदा बघायला मिळायला हवं होतं, असं मला फार वाटतं.

आता दीक्षेचं. आम्ही लिंगायत. मूल कळतं झालं की त्याला दीक्षा देतात. स्वामी त्याच्या डाव्या तळहातावर इष्टलिंग ठेवतात, कानात मंत्र सांगतात, आणि तिथून पुढं त्यानं रोज अंघोळ करून, गळ्यातलं लिंग काढून, आपल्याच तळहातावर घेऊन पूजा करायची. उघड्या तळव्यावरच्या त्या लिंगाकडं एकटक बघत बसायचं. मुलगा असो की मुलगी, दोघांना सारखंच. तळहात मात्र डावा. आणि माझा नेमका डावाच हात रुसलेला. त्यात हातातून लिंग खाली पडणं म्हणजे आमच्याकडं मोठा दोष. जुनी माणसं त्यापायी दिवस दिवस पाणी घ्यायची नाहीत.

मी नऊ-दहा वर्षांची असताना अण्णांचे थोरले भाऊ गावाकडून, ईटहून आले. त्यांना आम्ही मोठे अप्पा म्हणायचो. ते तिकडं शेती सांभाळायचे, आणि घरात त्यांच्या शब्दापुढं कुणी जात नसे. त्यांची नंदा माझ्याच वयाची. येत्या श्रावणात कळंबलाच दोघींचं उरकू, असं त्यांनी ठरवलं. पण पुढं म्हणाले, "नंदाच्या हातात देऊ. उमाच्या गळ्यात बांधू नुसतं. हातातून पडलं मंजे? अन् खरं सांगायचं तर हिला दीक्षा कामून पायजे? ही देवाचंच लेकरू हाय." वाईट मनानं नाही म्हणाले ते. कनवाळू आवाजात म्हणाले, आणि तेच मला जास्त झोंबलं.

आई स्वयंपाकघराच्या दाराआड उभी होती. थोरल्या दिरासमोर ती बोलत नसे. लग्न झाल्यापासून तिनं त्यांच्याशी एक शब्दही समोरासमोर काढला नव्हता. काही सांगायचं झालं तर अण्णांच्या तोंडून. म्हणून ती दाराआडूनच, सगळ्यांना ऐकू जाईल असं, अण्णांना म्हणाली, "त्यांना सांगा, देवाचं न्हाय, माझं लेकरू हाय. नंदाला जसं, तसं हिला." अण्णांची मोठी पंचाईत. एकीकडं भाऊ, एकीकडं बायको. ते म्हणाले, स्वामींना विचारू.

आमचे स्वामी म्हातारे होते, हसरे होते आणि त्यांना ऐकायला थोडं कमी यायचं. त्यांनी माझा हात हातात घेऊन पाहिला. म्हणाले, "हातात घेतलं तर लई चांगलं. पर पडू द्यायचं न्हाय. तेवढं संभाळा." झालं. त्या दिवसापासून 'पडू द्यायचं न्हाय' हा आमच्या घरचा मंत्र झाला. सकाळी तेल लावून झालं की आई माझी बोटं एकेक करून उघडायची, तळव्यावर सुपारी ठेवायची आणि म्हणायची, "धर. पडू दिऊ नगं." सुपारी पडायची. घरंगळत कणगीखाली जायची, पायरीवरून उड्या मारत गल्लीत जायची. सुपारी पडली की आईचा श्वास अडकायचा, अण्णा "अरारा" करायचे. दुकानातून जेवायला आले की अण्णाही परीक्षा घ्यायचे. "धर, धर, हां, सोडू नगंस!" मला स्वप्नातसुद्धा सुपाऱ्या पडताना दिसायच्या. श्रावण लागता लागता सुपारी पडेनाशी झाली. आईनं देवाला साखर ठेवली. अण्णांनी मोंढ्यात पेढे वाटले. मीही ताठ मानेनं राशीत बसायला लागले.

दीक्षेच्या सोमवारी घर पाहुण्यांनी भरलं. मागच्या अंगणात मोठ्या पातेल्यात हुग्गी शिजत होती, म्हणजे आमची गव्हाची खीर. गूळ, जायफळ आणि बडीशेपेचा वास सगळ्या घरात भरला होता. बैठकीत चौरंग, बेलाची पानं, विभूती. पहिली नंदा बसली. तिनं हात पुढं केला, लिंग ठेवलं, पूजा झाली, मंत्र झाला. डोळ्याचं पातं लवतंय तोवर ती उठून नवा परकर सावरत बाजूला झाली. मग आईनं मला आणून बसवलं आणि माझ्या मागं गुडघे टेकून आपल्या गुडघ्यांचा मला आधार दिला. स्वामींनी माझी बोटं हळूच उघडली. बैठकीतली सगळी माणसं पुढं झुकली. लिंग माझ्या तळव्यावर टेकलं, आणि मागून कुणीतरी म्हणालं, "संभाळा, पडंल!"

माझी मूठ खटकन मिटली. लिंग आत.

तेव्हा आम्हा सगळ्यांना एकदम कळलं की काय चुकलं होतं. इतके दिवस आम्ही न सोडण्याचा सराव केला होता. सुपारी पडत नव्हती ती मी तळव्यावर ठेवत होते म्हणून नव्हे, बोटं वाकवून पकडत होते म्हणून. लोकांनी पाहिलं, ओरडलं, घाई केली की माझं अंग जास्तच आवळतं. माझा हात मुठीसकट छातीशी येऊन चिकटला. मी उघडायला बघत होते आणि जितकी बघत होते तितकी मूठ घट्ट होत होती. पूजा उघड्या तळहातावर व्हायची, मुठीत नाही. बायकांत कुजबूज सुरू झाली. कुणी "अगाई गं" म्हणालं. स्वामी थांबले. मोठे अप्पा आपल्या जागेवरून उठले. "म्हनत हुतो मी," असं म्हणत ते पुढं आले. "थांबा, मी सोडवतो बोटं. गळ्यात बांधून टाकू." आणि ते माझ्या हाताकडं वाकले.

"हात लावू नका, भावजी."

आवाज माझ्या मागून आला. क्षणभर मलाही कळलं नाही की ही आई बोलली. डोक्यावरचा पदर पुढं ओढलेला, मान खाली, पण आवाज स्पष्ट. "वढलं तर आनखी आवळंल. ती सोडती, तिची तिची सोडती. तिला येळ लागतो. सगळ्यांनी थांबावं लागंल." अप्पा वाकलेले तसेच राहिले. मग अण्णा पुढं झाले, भावाच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "दादा, बसा. ती म्हनती तसंच करायचं." माझे मऊ अण्णा! त्या एका वाक्यासाठी मी त्यांची जन्माची ऋणी आहे.

स्वामींनी आईकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं. "बाई काय म्हनली?" त्यांनी विचारलं, कारण त्यांना नीट ऐकू आलं नव्हतं. कुणीतरी कानात सांगितलं. तसे ते हसले. "खरं हाय की. घाई कुनाला हाय? पर समद्यांनी हिच्या तोंडाकडं बघत कामून बसायचं? आपापलं काढा." आणि त्यांनी स्वतःच्या गळ्यातलं लिंग काढून आपल्या तळहातावर घेतलं आणि त्याच्याकडं बघत बसले. मग एकेकानं तसंच केलं. मोंढ्यातले आडते, ईटचे पाहुणे, स्वयंपाकघरातून हात धुऊन आलेल्या बायका, सगळ्यांनी आपापली लिंगं काढली. अप्पांनी सगळ्यात शेवटी काढलं, पण काढलं. मागं हुग्गी रटरटत होती तेवढाच आवाज.

मी मान वर करून पाहिलं. एवढी माणसं, आणि एकही माझ्याकडं बघत नव्हतं! माझ्या आयुष्यात असं कधी झालं नव्हतं. मी जाईन तिथं माणसं बघायची. एसटीत बघायची, शाळेत बघायची, देवळात देवाकडं पाठ करून माझ्याकडं बघायची. त्या दिवशी सगळ्यांच्या माना आपापल्या तळव्याकडं होत्या, आणि माझ्या भोवती उघडे डावे हातच हात. मागं आईचा श्वास संथ चालला होता. तिच्याही हातावर तिचं लिंग होतं, आणि त्या हाताला अजून लसणाचा वास येत होता. किती वेळ गेला मला माहीत नाही. आधी अंगठा सुटला. मग करंगळी. मधल्या बोटांनी जरा मिजास केली, मग तीही आली. घामानं ओलं झालेलं लिंग माझ्या तळव्याच्या मधोमध बसलं होतं, आणि मी त्याच्याकडं एकटक बघत होते.

स्वामींनी डोळे उचलून पाहिलं. विभूती लावली, बेल वाहिला, आणि माझ्या कानाशी येऊन मंत्र सांगितला. आता तो मला परत म्हणायचा होता. माझा शब्द तोंडात तयार असतो, बाहेर यायला मात्र दारात रेंगाळतो. मी 'नमः' म्हटलं, आणि 'शिवाय' येईपर्यंत सगळी बैठक थांबली. थांबायची सवय झाली होती ना! संपलं तसे स्वामी मोठ्यानं म्हणाले, "आमी समदे भराभरा म्हनून टाकतो. हिनं अक्षर न् अक्षर म्हनलं. मला बी ऐकू आलं."

पंगत बसली. आई वाढत होती. अप्पांच्या पानापाशी ती आली तेव्हा नेहमीप्रमाणं पुढं सरकणार, एवढ्यात अप्पा पानाकडं बघतच म्हणाले, "हुग्गी वाढा अजून. चांगली झालीय." कुणाच्या मध्यस्थीशिवाय, थेट तिला. आईनं पदर सावरला आणि इतकी वाढली की पानावरून वाहायला लागली. अप्पांनी मुकाट्यानं सगळी खाल्ली.

उन्हं उतरल्यावर गल्लीत प्रसाद द्यायला आई मला घेऊन निघाली. एरवी असली वाटपाची कामं ती पोरांना पिटाळून करायची, त्या दिवशी स्वतः निघाली. एका हातात हुग्गीचं भांडं, दुसऱ्या हातात माझा हात. मी पाय ओढत, झुलत, तिच्या बाजूनं चालत होते. शेजारच्या शेख काकू दारातच उभ्या होत्या. आमच्या कितीतरी सुपाऱ्या त्यांच्या अंगणातून परत आल्या होत्या, त्यामुळं त्यांना सगळं ठाऊक होतं. हुग्गीचं भांडं हातात घेण्याआधीच त्यांनी विचारलं, "भाभी, पडलं तर न्हाई ना?"

माझी आई दृष्ट लागेल म्हणून चारचौघांत माझं कधी कौतुक करत नसे. पण तेव्हा ती गल्लीच्या टोकापर्यंत जाईल अशा आवाजात हसली आणि म्हणाली, "पडतंय कशाचं! समदे पडंल पडंल मनून भेले, अन् माझी लेक सोडायलाच तयार न्हाय!"